बेवारस खेळांचे वारसदार

पुस्तक कपाटात ठेवून विसरले तरी ते पुस्तकच राहते. वाळवी लागली, पावसाळ्यात ओल धरली तर गोष्ट वेगळी. पण पन्नास वर्षांनी नातवाने ते उघडले तर त्याला धड डोळे आणि अक्षरओळख यापलीकडे काही लागत नाही. संगणकाच्या प्रोग्रामचे तसे नाही. तो कितीही जपून ठेवला, त्यातली एक खूणही बिघडू दिली नाही, तरी तो मरतो. कारण त्याच्या भोवतीचे यंत्र आणि यंत्रावरची कार्यप्रणाली बदलत राहते. आणि सगळ्या प्रोग्रामांमध्ये सर्वांत आधी मरतो तो खेळ.

'खेळ' हा शब्द वाचून माझ्या वयाचे निम्मे वाचक पान उलटतील याची मला कल्पना आहे. त्यांना थोडे थांबण्याची विनंती आहे. गेल्या चाळीस वर्षांत आपण काय काय संगणकाच्या स्वाधीन केले आहे ते आठवावे. बँकांच्या खातेवह्या, जमिनींचे नकाशे, दवाखान्यातले कागद आणि आम्हा लेखकांची हस्तलिखितेसुद्धा. या सगळ्याचे पुढे काय होणार, याची पहिली परीक्षा या पोरकट वाटणाऱ्या खेळांना द्यावी लागली. त्यातून कोण पास झाले आणि कसे, हे पाहण्यासारखे आहे.

१९८१ साली आय.बी.एम.ने आपला पीसी बाजारात आणला. त्याच्या प्रोसेसरचा वेग होता ४.७७ मेगाहर्ट्झ. त्या काळी खेळ लिहिणाऱ्या पुष्कळांनी हा वेग म्हणजे जणू ब्रह्मवाक्य धरले. पडद्यावरच्या राक्षसाने किती वेगाने धावावे हे ते घड्याळ पाहून ठरवीत नसत. यंत्राला अमुक इतक्या निरर्थक बेरजा करायला लावत, आणि तेवढ्या वेळात राक्षस एक पाऊल टाके. पुढे वेगवान यंत्रे आली आणि त्याच बेरजा निमिषात होऊ लागल्या. राक्षस असा धावू लागला की खेळणाऱ्याचे बोट कळीवर पडण्याआधीच खेळ संपे. आपल्याकडच्या संगणक वर्गांमध्ये ज्यांनी 'डिगर' हा १९८३ चा खेळ पाहिला असेल, त्यांना हा अनुभव असेल.

यावरचा पहिला इलाज यंत्र बनवणाऱ्यांनीच काढला. संगणकाच्या तोंडावर 'टर्बो' नावाचे बटण आले. नाव वेगाचे, पण त्याचा खरा उपयोग वेग कमी करण्यासाठी: जुना प्रोग्राम चालवायचा असेल तर बटण दाबून नव्या यंत्राला म्हातारे करायचे. रंगराजन समितीच्या १९८४ च्या अहवालानंतर बँकांमध्ये लेजर पोस्टिंग मशीन आली आणि त्यांच्या मागोमाग पीसी आले. आमच्या शाखेतल्या पीसीवरही हे बटण होते, आणि त्याचा खरा उपयोग काय ते तरुण कारकुनांनी साहेबांच्या कितीतरी आधी शोधून काढले होते, एवढे मी त्यांचा साहेब या नात्याने नोंदवून ठेवतो.

यंत्र फार वेगवान निघाले म्हणून प्रोग्राम मेला, असे नंतरही झाले. बोरलँड कंपनीच्या टर्बो पास्कलमध्ये लिहिलेले असंख्य प्रोग्राम सुरू होतानाच यंत्राचा वेग मोजत. त्यासाठी एक भागाकार करत आणि उत्तर सोळा बिटांच्या खान्यात ठेवत. नव्वदच्या दशकाच्या उत्तरार्धात प्रोसेसर २०० मेगाहर्ट्झच्या पुढे गेले आणि उत्तर त्या खान्यात मावेना. पडद्यावर 'रनटाइम एरर २००' उमटून प्रोग्राम जागच्या जागी बंद. त्यात खेळ होते तसे हिशेबाचे प्रोग्रामही होते. कोणी काही मोडले नव्हते, कोणी काही चुकीचे टंकले नव्हते. यंत्र सुधारले होते, इतकेच.

पण वेग हे दुखण्याचे एकच अंग झाले. मुख्य दुखणे शिस्तीचे. डॉसच्या राज्यात प्रोग्राम हवे तिथे हात घाली. बँकेच्या भाषेत सांगायचे तर गिऱ्हाइकाने काउंटर ओलांडून सरळ तिजोरीच्या खोलीत जावे, हवी तेवढी रक्कम मोजून घ्यावी आणि वहीत नोंद करून निघून जावे, असा कारभार. खेळांना हे फार मानवले. पडदा जलद रंगवायचा तर चित्राच्या स्मृतीत थेट लिहायचे. आवाज काढायचा तर साउंड ब्लास्टर कार्डाशी परस्पर बोलायचे. ज्यांनी ते दिवस पाहिले आहेत त्यांना खेळ बसवताना 'पोर्ट २२०, इंटरप्ट ५ की ७' असे विचारणारा निळा पडदा आठवेल, आणि ६४० किलोबाइटच्या मर्यादेत जागा करण्यासाठी कॉन्फिग.सिस या फाइलीत केलेली काटकसरही आठवेल. पुढे विंडोज एन.टी.च्या घराण्यातल्या विंडोज २००० आणि एक्सपी आल्या, आणि काउंटरवर जाळी बसली. मागायचे ते जाळीतून मागा, कारकून आणून देईल. सुरक्षेच्या दृष्टीने हेच योग्य होते. मी बँकेतला माणूस, जाळीच्या विरोधात कसा बोलणार? पण तिजोरीत परस्पर जाण्याची सवय लागलेले खेळ त्या जाळीवर डोके आपटून मेले.

मायक्रोसॉफ्टने या बाबतीत काहीच केले नाही असे मात्र म्हणता येणार नाही. विंडोज ९५ च्या तयारीच्या दिवसांतली एक हकिकत त्या कंपनीतले जुने प्रोग्रामर रेमंड चेन यांनी लिहून ठेवली आहे. एक व्यवस्थापक आपला पिकअप ट्रक घेऊन सॉफ्टवेअरच्या दुकानात गेला आणि दुकानातल्या प्रत्येक प्रोग्रामची एकेक प्रत भरून घेऊन आला. मग सहकाऱ्यांना सांगितले, दोन-दोन घेऊन जा, नव्या विंडोजवर चालवून पाहा, कुठे अडते ते कळवा, आणि मग ती प्रत तुमचीच. विल राइट यांच्या 'सिमसिटी'ची गोष्ट तर आणखी बहारीची आहे. हा खेळ यंत्राकडून स्मृतीचा एक तुकडा मागून घेई, वापरून परत करी, आणि परत केल्यावरही तो वाचत राही. खाते बंद करून चेकबुक जमा केल्यावरही चेक फाडत राहावे, तसे. डॉसच्या काळात ते खपून गेले, कारण ते खाते लगेच दुसऱ्या कोणाला दिले जात नसे. विंडोज ९५ मध्ये ते दिले जाऊ लागले आणि खेळ कोसळला. तेव्हा मायक्रोसॉफ्टच्या लोकांनी कार्यप्रणालीतच खास तरतूद केली: सिमसिटी चालू आहे का ते पाहावे, आणि असल्यास परत आलेली स्मृती लगेच दुसऱ्याला देऊ नये. चूक दुसऱ्याची, आणि निस्तरायची आपण. कारण गिऱ्हाईक म्हणणार, कालपर्यंत चालत होते, तुमच्या विंडोजने बिघडवले. हा धंद्याचा शहाणपणा होता, यात शंका नाही. पण परिणामाने ती वचन पाळण्याचीच गोष्ट झाली.

धंद्याचा शहाणपणा मात्र धंद्यापुरताच टिकतो. ६४ बिटांच्या विंडोजवर १६ बिटांचे प्रोग्राम चालतच नाहीत, आणि २०२१ साली आलेली विंडोज ११ फक्त ६४ बिटांचीच आहे. ३२ बिटांत मिळणारी विंडोज १० ही शेवटची. तिचाही सर्वसाधारण आधार ऑक्टोबर २०२५ मध्ये संपला. सीडीवरच्या शेकडो खेळांना चोरीपासून वाचवण्यासाठी 'सेफडिस्क' नावाचे कुलूप असे. त्या कुलपाचा एक भाग कार्यप्रणालीच्या गाभ्यात बसे आणि त्यातून दरोडेखोर शिरण्याचा धोका दिसला, म्हणून २०१५ साली विंडोज १० ने त्याला थाराच दिला नाही. धोका खरा होता, निर्णयही चुकीचा नव्हता. पण दुकानातून रोख पैसे मोजून सीडी घेणाऱ्या प्रामाणिक गिऱ्हाइकाचा खेळ बंद पडला, आणि ज्याने कुलूप तोडलेली चोरटी प्रत मिळवली होती त्याचा चालू राहिला! हा उफराटा न्याय इथेच थांबत नाही. २००८ साली युबिसॉफ्ट या कंपनीने आपल्या एका खेळासाठी सीडीशिवाय चालण्याची दुरुस्ती वाटली, तेव्हा ती चाचेगिरी करणाऱ्या टोळीनेच बनवलेली फाइल निघाली.

मग हे खेळ आज जिवंत कसे? याचे उत्तर बहुतेक ठिकाणी सारखेच आहे: कोणीतरी पगाराविना केले म्हणून. २००२ साली पीटर वीन्स्ट्रा आणि शुर्ड व्हान डर बर्ग या दोन डच प्रोग्रामरांनी 'डॉसबॉक्स' लोकांसाठी खुला केला. याचे काम नेपथ्यकाराचे. आजच्या यंत्रावर तो १९९० सालच्या यंत्राचा देखावा उभा करतो: जुना प्रोसेसर, जुने चित्रकार्ड, जुने साउंड ब्लास्टर, सगळे खोटे, पण खेळाला पटेल इतके हुबेहूब. कंट्रोल धरून एफ-११ दाबले की यंत्र मंदावते, एफ-१२ दाबले की वेग घेते. म्हणजे टर्बोचे बटण पुन्हा हजर. २००८ पासून जुने खेळ विकणाऱ्या पोलंडच्या गॉग या दुकानाने असंख्य खेळ याच डॉसबॉक्सच्या वेष्टनात विकले, आणि २०१५ च्या जानेवारीत इंटरनेट आर्काइव्हने डॉसचे सुमारे २,४०० खेळ ब्राउझरमध्येच खेळता येतील असे मांडले, तेही याच्याच आधारावर. कोट्यवधींची कंपनी जे करायला राजी नव्हती, ते फावल्या वेळात झाले.

मला लेखक म्हणून जास्त भावतो तो दुसरा मार्ग. ल्युकासआर्ट्‌स कंपनीचे 'मंकी आयलंड'सारखे गोष्टीवजा खेळ एका खास भाषेत लिहिलेले असत, आणि ती भाषा वाचून खेळ पडद्यावर आणणारा वाचक-प्रोग्राम वेगळा असे. स्वीडनच्या लुडविग स्ट्रिगेउस यांनी २००१ साली त्या भाषेचा नवा वाचक लिहायला घेतला, तो 'स्कमव्हीएम'. संहिता जुनी, वाचणारा नवा. १९९० ची गोष्ट आज मोबाइल फोनवरही चालते. त्याहून दूरदृष्टी इन्फोकॉम कंपनीची. 'झॉर्क' हा त्यांचा नुसत्या शब्दांचा खेळ, चित्र एकही नाही. १९७९ साली त्यांनी तो कोणत्याच खऱ्या यंत्रासाठी न लिहिता एका काल्पनिक यंत्रासाठी लिहायचे ठरवले, आणि मग प्रत्येक खऱ्या यंत्रावर ते काल्पनिक यंत्र उभे करणारा छोटासा प्रोग्राम द्यायचा. त्यांचा हेतू तेव्हाच्या तऱ्हेतऱ्हेच्या संगणकांवर विक्री करण्याचा होता. पण त्या युक्तीमुळे खेळाला दीर्घायुष्य मिळून गेले.

याच्या अगदी उलट आम्ही मराठीवाल्यांनी केले. युनिकोड रूढ होण्यापूर्वीची पंधरा-वीस वर्षे मराठी मजकूर त्या-त्या कंपनीच्या फाँटाला बांधून टंकला गेला. फाइलीत 'अ' नावाचे अक्षर नसतेच. इंग्रजी अक्षराचा क्रमांक असतो, आणि अमुक फाँट असेल तरच तो 'अ' दिसतो. फाँट गेला की कादंबरीचे शेवाळ होते. माझ्या १९९८ सालच्या कादंबरीची फाइल प्रकाशकाकडून परत आली तेव्हा तिच्यात एकही मराठी शब्द वाचता येत नव्हता, आणि कुठला फाँट होता ते सांगणारे कोणी कार्यालयात उरले नव्हते. पुस्तक छापलेले होते म्हणून निभावले. त्या फायली युनिकोडमध्ये आणणारे परिवर्तक पुढे काही उत्साही मंडळींनी लिहिले. डॉसबॉक्सवाल्यांची आणि यांची जात एकच.

यंत्राचे कोडे सुटले तरी कागदाचे सुटेलच असे नाही, आणि इथे बँकेतल्या माणसाला राहवत नाही. 'सिस्टीम शॉक २' हा १९९९ चा नावाजलेला खेळ. तो बनवणाऱ्यांपैकी अमेरिकेतली लुकिंग ग्लास ही कंपनी २००० साली बुडाली. खेळ दुकानातून नाहीसा झाला; ज्यांच्याकडे सीडी होती त्यांच्या नव्या, एकाहून अधिक गाभ्यांच्या प्रोसेसरवर तो मध्येच गोठू लागला. २०१२ साली स्टीफन किक नावाचा तरुण मध्य अमेरिकेत भटकत असताना त्याला हा खेळ खेळायची लहर आली, आणि लॅपटॉपवर तो चालेना. विकत घ्यावा तर कुठे मिळेना. शोध घेता घेता कळले की खेळाचे हक्क कोणा खेळवाल्याकडे नसून एका विमा कंपनीकडे आहेत! कंपनी बुडताना जी मालमत्ता विमा कंपनीच्या पदरी पडली, तीत हाही होता. खुर्च्या, टेबले, संगणक आणि एक श्रेष्ठ खेळ. किकने त्यांना पत्र लिहिले, करार केला आणि २०१३ च्या फेब्रुवारीत खेळ पुन्हा विक्रीला आला.

या कहाणीची दुसरी बाजूही त्याच वर्षातली. २०१२ च्या सप्टेंबरात फ्रान्समधल्या चाहत्यांच्या अड्ड्यावर 'ल कॉर्बो', म्हणजे कावळा, असे टोपणनाव घेतलेल्या कोणीतरी एक दुरुस्ती गुपचूप ठेवून दिली. तीत या खेळाच्या इंजिनाची नव्या यंत्रांसाठी इतकी बारकाईने डागडुजी केलेली होती की मूळ लिखाण समोर असल्याखेरीज ती जमावी कशी, असा प्रश्न सर्वांना पडला. नाव नाही, मोबदला नाही, परवानगी तर नाहीच. विमा कंपनीकडे हक्क होता आणि खेळ चालत नव्हता; कावळ्याकडे खेळ चालत होता आणि हक्क नव्हता. दोघांची गाठ पडली म्हणून हा खेळ वाचला, आणि २०२५ च्या जूनमध्ये त्याची नव्याने सजवलेली आवृत्तीही आली. 'नो वन लिव्ह्ज फॉरएव्हर' या २००० सालच्या खेळाचे नशीब असे नव्हते. किकच्याच कंपनीने त्याच्या हक्कांचा माग काढला. तो तीन बड्या कंपन्यांच्या दारात जाऊन थांबला आणि प्रयत्न सोडून द्यावा लागला. अशा खेळांची संख्या थोडीथोडकी नाही. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ साली केलेल्या पाहणीत, २०१० पूर्वी अमेरिकेत निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के आज बाजारात मिळत नाहीत असे आढळले. मग ग्रंथालयांनी म्हटले, निदान अभ्यासकांना घरबसल्या हे खेळ चालवून पाहू द्या. २०२४ च्या ऑक्टोबरात अमेरिकेच्या कॉपीराइट कार्यालयाने ती परवानगी नाकारली.

आपल्याकडे काय? १९५७ च्या आपल्या कॉपीराइट कायद्यानुसार संगणकाचा प्रोग्राम ही 'साहित्यकृती' आहे. माझी कादंबरी आणि डॉसवरचा खेळ कायद्याच्या एकाच रकान्यात: कर्त्याच्या हयातीत आणि त्यानंतर साठ वर्षे संरक्षण. कादंबरीला साठ वर्षे म्हणजे थोडे जास्तच, पण ती तेवढी तग धरते. ज्या वस्तूचे आयुष्य कार्यप्रणालीच्या दोन पिढ्यांचे, तिला हे संरक्षण म्हणजे कुलूपबंद खोलीत ठेवलेला रोगी. १९५४ च्या कायद्याने प्रकाशकाला पुस्तकाची प्रत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि मुंबईसह आणखी तीन ठिकाणी पाठवावी लागते. त्या कायद्याच्या नावातच पुस्तके आणि वृत्तपत्रे आहेत. प्रोग्राम त्यात बसत नाही.

२०१२ च्या दुरुस्तीने कलम ५२ मध्ये सार्वजनिक ग्रंथालयांना जतनासाठी कृती संगणकात साठवण्याची मुभा मिळाली, हे चांगलेच झाले. पण अट अशी की ग्रंथालयाकडे त्या कृतीची 'बिगर-डिजिटल' प्रत आधीपासून असली पाहिजे. आता संगणकावरच्या खेळाची बिगर-डिजिटल प्रत कुठून आणायची? कलम लिहिणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर जुनी पुस्तके होती, हे उघड आहे. पण त्यामुळे जी वस्तू सर्वांत लवकर मरते, तीच मुभेच्या बाहेर राहिली. मालक सापडत नसेल तर ३१-अ कलमाखाली परवाना मागता येतो. त्यासाठी देशभर खपणाऱ्या इंग्रजी दैनिकात आधी प्रस्ताव छापावा लागतो. हा खटाटोप प्रकाशनसंस्थेने करावा. फावल्या वेळात जुना प्रोग्राम चालता करणाऱ्या पोराने तो करावा ही अपेक्षाच गैर.

बँकेत या प्रश्नाचा तोडगा निघालेला आहे. दहा वर्षे ज्या ठेवीला कोणी हात लावला नाही, ती २०१४ पासून रिझर्व्ह बँकेच्या निधीत जाते. मालकी बुडत नाही. वारस कागदपत्रे घेऊन आला तर बँक त्याला पैसे देते, आणि ठेव व्याजाची असेल तर व्याजही. मधल्या काळात रक्कम लोकोपयोगी कामाला लागते. बेवारस प्रोग्रामांना हाच न्याय का नको? दहा वर्षे बाजारात नाही, मालक उत्तर देत नाही, तर ग्रंथालयाला तो साठवण्याची, त्याचे कुलूप काढण्याची आणि वाचकाला चालवून दाखवण्याची मोकळीक द्यावी. मालक उगवला तर त्याचा हक्क त्याला परत. कलम ५२ मधली 'बिगर-डिजिटल' ही अट काढली तर निम्मे काम होईल.

कायदा बदलेपर्यंत फ्लॉपी थांबत नाहीत, ही खरी अडचण. जॉर्डन मेकनर यांनी १९८९ साली ॲपल-२ वर लिहिलेल्या 'प्रिन्स ऑफ पर्शिया'चे मूळ लिखाण हरवले असे ते धरून चालले होते. २०१२ साली त्यांच्या वडिलांना घरात एक खोके सापडले, त्यात त्या फ्लॉपी. जाणकार मंडळी जुनी यंत्रे घेऊन आली, एकेक तबकडी वाचली, आणि वीस-बावीस वर्षांनंतरही तीवरची अक्षरे शाबूत निघाली. आपल्याकडेही डॉसच्या काळात मराठीतून लिहिण्याचे, पत्रिका मांडण्याचे, पतपेढ्यांच्या हिशेबाचे प्रोग्राम लोकांनी लिहिले होते. त्यांच्या तबकड्या कुठल्या ना कुठल्या माळ्यावर असतील. साडेतीन इंची फ्लॉपी असेल तर यू.एस.बी.ला जोडायचा ड्राइव्ह अजून मिळतो आणि काम घरी होते. सव्वापाच इंची असेल तर मात्र त्या काळचा ड्राइव्ह हवा, तो आजच्या यंत्राला जोडणारे खास सर्किट हवे, आणि हे दोन्ही हाताळता येणारा माणूस हवा.